लेथवर लेथ बनतो का? मग रोबो स्वतःसारखा रोबो बनवेल का?

आटेवाला (हिंगणघाट तालुका)

नमस्कार. गावात माझं लेथचं (लोखंड फिरवत ठेवून कातायच्या यंत्राचं) दुकान आहे, सत्तावीस वर्षं झाली. जिनिंगच्या मशिनीचे शाफ्ट, रोटाव्हेटरचे बुश, थ्रेशरच्या पुल्या, बोअरच्या पाइपाचे आटे, हीच कामं. लेथ सहा फुटी, बटाल्याचा, उस्तादांकडून घेतलेला.

मोठ्या भावाची पोरगी नववीत आहे. शाळेच्या विज्ञान प्रदर्शनासाठी तिनं रोबो हा विषय घेतला. रविवारी दुकानात येऊन बसली आणि म्हणे, "काका, तुमच्या लेथवर दुसरा लेथ बनते काय?" मी काम करता करता सांगून टाकलं, "बनते ना. लेथले साऱ्या मशिनीची माय म्हणतात." तर ती म्हणे, "मंग माय एकटीच बनवते, का तुम्ही बनवता?"

मी चकमध्ये (फिरणाऱ्या पकडीत) धरलेला जॉब काढला, मशीन बंद केली आणि कागद घेऊन बसलो. शाफ्ट, पुल्या, बुश, हँडल, स्पिंडल, टेलस्टॉकची नळी, हे सगळं लेथवर होतं. गिअरचे दातही अटॅचमेंट लावून पाडता येतात, वेळ जातो पण होतात. बेड, म्हणजे लेथचा खालचा पाया, मात्र बिडाचा. तो ओतायला फाउंड्री पाहिजे, आणि ओतल्यावर वरची पट्टी सपाट करायला प्लेनर, नाहीतर हातानं स्क्रॅपिंग. बेअरिंग बाजारातून. मोटारीची वाइंडिंग मी भरू शकतो, पण तांब्याची तार मी बनवत नाही. आणि हे सगळं उचलून जागच्या जागी बसवायला माणूस लागतोच.

इथपर्यंत ठीक. सुटे भाग काय, कोणी ना कोणी बनवतंच. मला खरी सतावते ती गोष्ट वेगळी आहे. माझ्या लेथचा लीड स्क्रू (आटे पाडताना हत्याराला मापात सरकवणारा लांब आट्याचा दांडा) चकाजवळच्या फूटभर लांबीत जास्त झिजला आहे, कारण बहुतेक काम तिथंच होतं. त्यावर मी नवा लीड स्क्रू कापला, तर ती झीज नव्यात उतरते. त्या नव्यावर पुढचा कापला, तर जुनी झीज आणि त्यात नव्याची भर. तिसऱ्या-चौथ्या पिढीचा लेथ कामाचाच राहणार नाही. झेरॉक्सची झेरॉक्स काढत गेलं की अक्षर जातं, तसं.

पण दुकानासमोर कडुनिंब आहे. त्याला खालून वाळवी लागलेली, एक मोठी फांदी वादळात गेली. त्याच्या निंबोळीतून भिंतीजवळ जे रोप उगवलं, ते पूर्ण आहे, त्याला ना वाळवी ना तुटलेली फांदी. म्हणजे झाडाची झीज पोरात उतरली नाही. हे कसं होतं, आणि यंत्राला का जमत नाही?

तरुणपणी तालुक्याच्या वाचनालयातून नारळीकरांचं 'वामन परत न आला' आणलं होतं, तेव्हापासून यंत्रमानवाचं वेड आहे. गोष्टींमध्ये एका रोबोचे हजार रोबो होतात. पण यंत्रानं आपल्यापेक्षा कमी नाही, आपल्याइतकंच चांगलं यंत्र बनवणं, हे होऊ शकतं असं कोणा शास्त्रज्ञानं खरंच दाखवलं आहे का? पोरीला खरं तेच सांगायचं आहे. प्रदर्शन पंधरा दिवसांवर आलं.


निवृत्त मास्तर (आर्वी)

भाऊ, तुमचा प्रश्न वाचून मी जेवण बाजूला ठेवलं. ज्युनिअर कॉलेजला तीस वर्षं फिजिक्स शिकवलं, पण झिजलेल्या लीड स्क्रूवरून हा मुद्दा मांडलेला मी पाहिला नव्हता.

तुमचाच प्रश्न जॉन फॉन नॉयमन या गणितज्ञानं सप्टेंबर १९४८ मध्ये कॅलिफोर्नियात पॅसाडेना इथल्या एका परिषदेत मांडला. जन्म हंगेरीचा, काम अमेरिकेत; आजच्या संगणकाची रचना ज्यांच्यामुळे उभी राहिली, त्यांतला एक. तो म्हणाला, आपला रोजचा अनुभव असा की बनवणारं यंत्र बनलेल्यापेक्षा जास्त गुंतागुंतीचं असतं. म्हणजे पिढीगणिक उतरण. पण सजीव तर आपल्याइतकेच, कधी आपल्यापेक्षा सरस जीव जन्माला घालतात. तेव्हा गुंतागुंतीची एक पायरी असली पाहिजे. तिच्या खाली असाल तर उतरण, तिच्या वर गेलात की उतरण थांबते.

ती पायरी चढायची कशी, याचं त्याचं उत्तर तुमच्या निंबोळीशी जुळतं. त्यानं एका यंत्राची कल्पना केली. तळ्यात सुटे भाग तरंगताहेत आणि हे यंत्र त्यातून हवे ते उचलून जोडतंय. या यंत्रानं स्वतःकडे बघून नक्कल करायची नाही. बघून केली की तुमच्या लीड स्क्रूसारखी झीज उतरणारच. त्याच्याकडे एक पट्टी असते आणि पट्टीवर स्वतःचं पूर्ण वर्णन, म्हणजे तुमच्या भाषेत ड्रॉइंग. यंत्राचे भाग तीन: ड्रॉइंग वाचून बांधणारा, ड्रॉइंगची प्रत काढणारा, आणि कोणी केव्हा काम करायचं हे ठरवणारा.

आता अडचण पाहा. पूर्ण वर्णन म्हटलं की त्या ड्रॉइंगमध्ये ड्रॉइंगचंही ड्रॉइंग हवं. मग त्याच्या आत आणखी एक. समोरासमोर दोन आरसे ठेवल्यासारखं, संपणारच नाही. फॉन नॉयमननं ही गाठ अशी सोडवली की एकच पट्टी दोनदा वापरायची. एकदा वाचायची आणि लिहिल्याप्रमाणे यंत्र बांधायचं. दुसऱ्यांदा ती वाचायचीच नाही, अर्थ लावायचाच नाही, जशीच्या तशी उतरवून नव्या यंत्राच्या पोटात ठेवायची. झालं. नवं यंत्र ड्रॉइंगवरून बनलेलं, जुन्याची झीज त्यात येत नाही, आणि पुढच्या पिढीसाठी ड्रॉइंगही सोबत आहे.

हे त्यानं सांगितलं १९४८ ला. डीएनएची रचना उलगडली १९५३ मध्ये. आणि पेशीत नेमकं हेच चालतं असं निघालं: एकाच डीएनएवरून एकीकडे प्रथिनं बनतात, दुसरीकडे त्याच डीएनएची प्रत निघते. तुमच्या कडुनिंबाची तुटलेली फांदी निंबोळीत का उतरली नाही, तर निंबोळीत झाड नसतंच, ड्रॉइंग असतं आणि सुरुवात करून देणारी थोडी यंत्रणा.

पुढे स्टॅनिस्लाव्ह उलाम या मित्राच्या सूचनेवरून त्यानं सगळं चौकटीच्या कागदावर आणलं. प्रत्येक चौकट २९ पैकी एका अवस्थेत, आणि शेजारच्या चौकटी पाहून बदलणारी. ते काम अर्धं राहिलं आणि १९५७ मध्ये तो गेला. आर्थर बर्क्सनं ते पुरं करून १९६६ मध्ये पुस्तक काढलं. म्हणजे तत्त्व म्हणून उत्तर 'हो' असं आहे, गणितानं सिद्ध झालेलं.

कथांबद्दल थोडं. रोबो हा शब्द आला कारेल चापेकच्या 'आर. यू. आर.' या १९२० च्या चेक नाटकातून. 'रोबोटा' म्हणजे वेठबिगारी. शब्द सुचवला त्याच्या भावानं, योसेफनं. आपल्या पुतणीला हे जरूर सांगा, की ज्या नाटकानं रोबो हा शब्द दिला त्यातल्या रोबोंना स्वतःसारखे बनवता येत नाही. बनवण्याची कृती एका हस्तलिखितात असते आणि नाटकातली बाई ते जाळून टाकते. रोबो माणसांना मारून जग जिंकतात, आणि मग उरलेल्या एका म्हाताऱ्याला विनवतात की ती कृती पुन्हा शोधून दे, नाहीतर आम्ही संपलो. त्याला ती येत नसते.

त्याच्याही आधी, १८७२ मध्ये, सॅम्युअल बटलर या इंग्रज लेखकानं आपल्या कादंबरीत एक युक्तिवाद घातला. लाल क्लोव्हर नावाच्या चाऱ्याला भुंग्याशिवाय बी धरत नाही, म्हणून त्याला प्रजनन नाही असं आपण म्हणतो का? मग यंत्रांना माणूस लागतो म्हणून त्यांना प्रजनन नाही असं कसं म्हणावं? तुमच्या पुतणीचा "माय एकटीच बनवते का तुम्ही बनवता" हा प्रश्न त्याच जागचा आहे.


पऱ्हाटी (राळेगाव)

दादा, निंबोळीचं वाचलं अन् मले माझी सासू आठवली. तूर, ज्वारी, मूग, सगळ्याचं बी घरचं ठेवायची. राखेत घोळून मडक्यात, वरून कडुनिंबाचा पाला. मडक्याचं तोंड शेणामातीनं लिंपलं की ते पेरणीलेच फोडायचं. दुकानातून बी आणायची गोष्टच नव्हती.

कापसाचं आता तसं नाही. आम्ही लावतो ते संकरित. त्याची सरकी ठेवून पेरली तर उगवते, पण वावरात एकासारखं दुसरं झाड येत नाही, कोणी उंच, कोणी बुटकं, बोंडं कमीजास्त. कारण तो वाण दोन वेगळ्या आईबापापासून दरवर्षी नव्यानं जुळवतात. म्हणजे हे झाड कापूस देते, स्वतःले देत नाही. ड्रॉइंग त्याच्या पोटात आहे, पण पुढच्या पिढीत ते विस्कटते. मास्तरांनी सांगितलेली ती पट्टी दुसऱ्याच्या घरी राहते अन् आपण दर जूनमध्ये पाकीट घेऊन येतो. तुमच्या पुतणीले हेही सांगा. स्वतःसारखं बनवणारी वस्तू आपल्या हातची असते, न बनवणारीसाठी दरवर्षी दुसऱ्याच्या दारात जा लागते.

भीतीचं म्हणाल तर रोबो मी पाहिला नाही, पण २०१७ ची गुलाबी बोंडअळी पाहिली. बोंड वरून हिरवंगार, फोडलं की आत किडलेलं. अळी मरावी म्हणून काढलेल्या बीटी कापसाले ती दबेना. तेव्हा शास्त्रज्ञ सांगत होते, फरदड (वेचलेल्या कापसाच्या झाडावरच आणखी पीक) घेऊ नका, डिसेंबरनंतर पऱ्हाटी वावरात उभी ठेवू नका. मी त्या वर्षी फरदड सोडली नव्हती, पैशाची नड होती. पुढच्या हंगामापासून जानेवारी लागायच्या आत वावर मोकळं करतो. अळीले मारत बसण्यापेक्षा तिच्या पुढच्या पिढीचं खाणं काढून घ्या लागते.

नवरात्रात आमच्या गावात सप्तशतीचं वाचन होते. रक्तबीजाच्या रक्ताचा थेंब भुईवर पडला की तिथं नवा रक्तबीज उभा. कालीनं काय केलं, तर थेंब भुईले टेकूच दिला नाही. मी ऐकताना दरवेळी फरदडच आठवते.


आटेवाला (हिंगणघाट तालुका)

मास्तर, तुमचं लिहिणं मी तीनदा वाचलं. पट्टी न वाचता उतरवायची, हे मी केलं आहे. अठराव्या वर्षी.

आमच्या उस्तादांकडे एक वही होती. कोणता आटा पाडायचा तर कोणते गिअर लावायचे, त्याची कोष्टकं. आकडे इंग्रजी, बाजूच्या सूचना उर्दूत. पानं तेलानं पारदर्शक झालेली. मी नवीन लागलो तेव्हा ते म्हणाले, उतरवून घे. मला तेव्हा ना गिअरचं गणित येत होतं, ना उर्दू. आकडे आकड्यासारखे लिहिले आणि उर्दू अक्षरं चित्रं काढावीत तशी काढली. बारा रात्री गेल्या. पुढं पाच-सहा वर्षांनी उस्तादांच्या मुलानं माझी वही हातात घेतली आणि घडाघडा वाचून दाखवली. दोन ठिकाणीच अडला. मी लिहिलेलं मला वाचता येत नव्हतं, त्याला येत होतं. तोवर मूळ वही वाळवीनं संपवली होती.

आता चूक सांगतो. माझ्या लीड स्क्रूला इंचाला ४ आटे. पाइपाचे इंचाला ११ आटे पाडायचे तर २० आणि ५५ दातांचे गिअर लागतात. उस्तादांचा ५ शेपटी वळवून काढलेला, मला तो ६ दिसला. मी ५५ च्या जागी ६५ लिहिलं. उस्ताद असेपर्यंत गिअर तेच लावायचे, म्हणून कळलं नाही. स्वतःच्या दुकानात पहिल्यांदा दोन इंची निपल (पाइप जोडायचा आटेवाला तुकडा) कापला, सॉकेट दीड फेरा जाऊन अडकलं. गेज लावून पाहिलं तर इंचाला १३ आटे. लेथ बरोबर, हात बरोबर, वही चुकलेली. तीन निपल भंगारात गेले तेव्हा आकडा सापडला.

म्हणजे झीज उतरत नाही हे खरं, पण उतरवताना झालेली चूक मात्र पुढच्या प्रत्येक पिढीत जाते. सजीवांतही असंच होतं का?

पऱ्हाटीताई, तुमचं पट्टी दुसऱ्याच्या घरी असण्याचं वाक्य मी पोरीच्या वहीत तसंच्या तसं लिहायला लावलं.


पुसदवाला

काका, हो, तसंच होतं. तुमचं ६५ म्हणजे म्युटेशन, डीएनएची प्रत काढताना झालेला बदल. बहुतेक वेळा निपल भंगारात जातो, क्वचित एखादी चूक कामाची निघते आणि टिकते. फॉन नॉयमनच्याही हे लक्षात आलं होतं, की पट्टीत बदल झाला तर तो पुढच्या पिढीत जाईल.

प्रत्यक्षात काय झालं ते सांगतो. माझ्याकडे थ्रीडी प्रिंटर आहे, सुटे भाग मागवून स्वतः जोडलेला. त्याचं मूळ एका ब्रिटिश प्रकल्पात, नाव रेपरॅप. बाथ विद्यापीठातल्या एड्रियन बोयर यांनी २००५ मध्ये सुरू केला. कल्पना अशी की प्रिंटरनं स्वतःचेच प्लास्टिकचे भाग छापावेत, आणि ड्रॉइंग सगळ्या जगाला फुकट. २००८ मध्ये एका प्रिंटरनं छापलेल्या भागांवरून दुसरा उभा राहिला. पहिल्या मॉडेलचं नाव डार्विन, पुढच्याचं मेंडेल. माझ्या प्रिंटरचे चार कोपरे आणि एक्स्ट्रूडरची (वितळलेलं प्लास्टिक सोडणाऱ्या भागाची) बॉडी मित्राच्या प्रिंटरवर छापलेली, आणि त्याच फायलींवरून मी आणखी दोघांना छापून दिलेत.

पण मोटारी, लोखंडी रॉड, बेअरिंग, सर्किट बोर्ड विकत. जोडणारा मी. या विकतच्या भागांना ती मंडळी 'व्हिटॅमिन' म्हणतात. शरीराला लागतं, पण शरीर स्वतः बनवत नाही, बाहेरून घ्यावं लागतं. तुमची बेअरिंग आणि तांब्याची तार म्हणजे लेथची व्हिटॅमिनं.

नासानं १९८० च्या उन्हाळ्यात यावर मोठा अभ्यास केला होता. चंद्रावर १०० टनांचं 'बीज' उतरवायचं, ते तिथलीच माती खणून, वितळवून, सूर्याच्या ऊर्जेवर वाढेल आणि पुढे स्वतःसारखा कारखाना उभारेल. त्यांनाही तुमच्यासारखाच कागद घेऊन बसावं लागलं: किती भाग तिथल्या तिथे बनतील आणि कोणते पृथ्वीवरून पाठवावे लागतील? तिथंही इलेक्ट्रॉनिक्सच्या बारीक भागांशी गाडी अडते. ते बीज कधी गेलं नाही.

कॉर्नेल विद्यापीठात २००५ मध्ये दहा सेंटिमीटरचे ठोकळे बनवले. चार ठोकळ्यांचा मनोरा वाकून आणखी चार ठोकळे उचलतो आणि अडीच मिनिटांच्या आसपास आपल्यासारखा मनोरा उभा करतो. बघायला फार सुंदर. पण ठोकळा स्वतःच मोटार आणि चिप भरलेला, तयार आणून ठेवलेला. तळ्यात तरंगणारे भाग कोणी बनवले, हा प्रश्न राहतोच.

सगळ्यात जवळचं उदाहरण लोखंडाचं नाहीच. २०२१ मध्ये व्हरमाँट आणि टफ्ट्स विद्यापीठांच्या गटानं आफ्रिकन बेडकाच्या भ्रूणपेशींचे गोळे दाखवले, नाव झेनोबॉट. संगणकानं सुचवलेला आकार इंग्रजी सी सारखा, तोंड उघडं. ते पाण्यात फिरताना सुट्या पेशी तोंडापुढे ढकलत गोळा करतात, आणि त्या ढिगाचा काही दिवसांत नवा फिरणारा गोळा होतो. पेशी टाकणं थांबवलं की संपलं, आणि टाकत राहिलं तरी काही पिढ्यांत थांबतं. काका, यात तुमची वही नाही. पेशींत बेडकाचा डीएनए आहे, पण 'सी' आकाराचं ड्रॉइंग कुठंच नाही. म्हणून पोरांना तो आकार मिळत नाही, ती नुसतीच गोल निघतात. मला वाटतं तुमचा मुद्दा इथं पक्का होतो.

आणि भीती: अमेरिकन अभियंता एरिक ड्रेक्सलरनं १९८६ मध्ये लिहिलं की रेणूएवढी यंत्रं बेसुमार वाढली तर सगळं खाऊन टाकतील. एकाचे दोन, दोनाचे चार, असं तीस वेळा झालं की १०७ कोटींच्या वर. गोष्टी लिहिणाऱ्यांनी तेच उचललं. पण २००४ मध्ये त्यानंच सहलेखकासोबत सांगितलं की असं उधळणारं यंत्र बनवायची गरजच नाही, एका जागी बसवलेलं यंत्र पुरतं. पऱ्हाटीताईंचा फरदडीचा नियम तिथंही लागू आहे. एक व्हिटॅमिन आपल्या हातात ठेवलं की पिढी पुढे जात नाही.


आटेवाला (हिंगणघाट तालुका)

पोरीनं ठरवलं आहे. टेबलावर निंबोळ्या, पुसदवाल्यानं कुरिअर केलेला छापील कोपरा, आणि माझी वही, ते पान उघडून. ६५ वर तिनं शिसपेन्सिलनं गोल केला आहे.

हे लिहिता लिहिता एक गोष्ट आठवली आणि परवा रात्री झोप लागली नाही. माझ्यामागून उस्तादांकडे एक पोरगा लागला होता. त्यानं वही उस्तादांच्या वहीवरून नाही, माझ्या वहीवरून उतरवली होती, मला चूक कळायच्या आधी. आता त्याचं वणीला स्वतःचं दुकान आहे. इतक्या वर्षांत मी त्याला सांगितलंच नव्हतं. काल फोन केला. त्यानं वही काढली. ६५ च आहे. म्हणे, "दादा, त्या ओळीले मी कधी हातच नाई लावला. पाइपाचे आटे मी डायनंच पाडतो." खोडायला लावलं.

मग तोच म्हणाला की त्याच्याकडच्या एका पोरानंही ती वही उतरवून घेतली होती, आणि तो आता चंद्रपूरकडे कुठल्यातरी वर्कशॉपला आहे. नंबर दिला आहे. सकाळपासून चारदा लावला, बंद येतो. संध्याकाळी परत लावतो.